नोनोयचा हात

सांता अगेदा, पनाय बेट
बुधवार, ४ मे

प्रिय इंदाय जिगी,

तू खुशाल आहेस हे विचारायला नको. आमच्या गल्लीतल्या प्रत्येक विजेच्या खांबावर तू हसते आहेस आणि सगळे दात जागेवर आहेत. मीही बरी आहे. गुडघे कुरकुरतात, उकाडा मरणाचा आहे. माझी आई, नानय, गेल्यानंतरच्या प्रार्थनांचे नऊ दिवस गेल्या आठवड्यात संपले, पाहुणे आपापल्या गावी गेले, आणि घरात आता मी आणि तिची मांजर एवढ्याच उरलो आहोत. अंगावरचे काळे कपडे वर्षभर राहतील.

तुझे पुठ्ठ्याचे पंखे पोचले. घरोघर वाटलेस ते फार चांगलं केलंस. मासे भाजताना कोळसे फुलवायला त्यासारखं काही नाही. आमच्या गल्लीत संध्याकाळी सगळ्या चुलींपुढे तुझंच तोंड हलत असतं.

काल तुझा दिंदो येऊन गेला. प्रचारप्रमुख म्हणे. बूट न काढता आत आला, नेमका नानयच्या खुर्चीत बसला, आणि शेजारणीने माझ्यासाठी पाठवलेला गोड चिकट भात पानासकट चाटून संपवला. माझा मुलगा शोभेल एवढा तो. मी तुला धाकटी म्हणून इंदाय म्हणते तसा तो मला मानांग म्हणतो, म्हणजे तोंडाने थोरल्या बहिणीचा मान देतो, आणि हाताने कामाला लावतो. त्याने बेत सांगितला. शनिवारी शेवटची सभा. चौकात व्यासपीठ. मी काळ्या कपड्यांत, चेहऱ्याला काही न लावता, पायऱ्या चढून वर यायचं. लोक ओरडतील, त्यांना ओरडू द्यायचं. मग तुझ्यापुढे गुडघे टेकायचे. तू मला थप्पड मारायला हात उगारायचास, सगळा चौक श्वास रोखून धरणार, आणि तू हात खाली घेऊन मला मिठी मारायचीस. त्यानंतर मी ध्वनिक्षेपकात म्हणायचं की माझ्या आईची खरी लेक हीच.

"फक्त दोन मिनिटांचं काम आहे, मानांग पेर्ला," तो म्हणाला. "रडायचं सगळं जिगी बघून घेईल."

त्याबद्दल शंका नाही. रडायचं तू नेहमीच बघून घेतलंस.

माझं उत्तर शेवटी देते. आधी मला जरा बोलू दे. नऊ वर्षं मी दुसऱ्याने लिहिलेलं बोलले, आणि तेही तुला शिव्या देणारं. आज माझ्या मनाने देते.

मालिकेत दोन्या मातील्दे म्हणून मी तुला इतक्या थपडा मारल्या, पण एकही तुझ्या गालाला लागली नाही, कारण मला माझं काम येत होतं. तू मला एकच मारलीस, शेवटच्या भागात, आणि माझा कान आठवडाभर वाजत होता. त्या नऊ वर्षांत बाजारात बायकांनी माझ्या अंगावर मासे धुतलेलं पाणी फेकलं. एका टॅक्सीवाल्याने मला भर उन्हात मध्येच उतरवलं, म्हणे गरीब तेरेसिंगला छळणाऱ्या बाईला मी बसवत नाही. तीच तेरेसिंग, म्हणजे तू, त्या बाजारात गेलीस की खेकडे फुकट मिळायचे.

मला कशाची गंमत वाटायची सांगू? तू दंतवैद्याची एकुलती एक. घरात तीन मोलकरणी, आंघोळीला गरम पाणी. सुकी मासळी तू जन्मात पहिल्यांदा पाहिलीस ती सेटवर, आणि वास सहन होत नाही म्हणून रबराची करून घेतलीस. आणि मी खरोखरच्या सुक्या मासळीवालीची पोर. चांदीचा चमचा कसा धरायचा ते मला दिग्दर्शकाने शिकवलं. पण लोकांना जे दिसतं ते खरं वाटतं. तू गरीब दिसायचीस, मी माजलेली दिसायचे. त्यात तुझी चूक नाही. पुढचं सगळं मात्र तुझं आहे.

मालिका संपली. तिशी उलटली होती, नव्या मालिकेत तुला नायिकेच्या आईचं काम देऊ केलं. तू माझ्या घरी येऊन उशीत तोंड खुपसून रडलीस, आणि ते रडणं खरं होतं, मी पाहिलंय. मग एका पोरीची आई होण्यापेक्षा तू अख्ख्या गावाची आई व्हायचं ठरवलंस. हे काम बरं. ह्यात वयाने भाव पडत नाही आणि संवाद पाठ नसले तरी चालतं. माझ्या मते तू टीव्ही सोडलाच नाहीस, नुसता कॅमेरा बदललास.

तुझं गाव मनिला. पण तिथे तुला कोण विचारणार, तिथे नट्या पैशाला पासरी. म्हणून आमचं सांता अगेदा. कधीकाळी मी तुला इथे फिएस्टाच्या जत्रेला घेऊन आले, नानयने तुला खेकडे सोलून भरवले, माझा पलंग दिला, आणि मी चटईवर झोपले. त्या एका मुक्कामावर तू इथली लेक झालीस. उमेदवारीसाठी वर्षभर राहिल्याचं दाखवायला घर भाड्याने घेतलंस, त्यात एक चौकीदार आणि त्याचा झुंजीचा कोंबडा राहतो. त्या हिशेबाने कोंबड्यालाही मेयर होता येईल. आमच्या गावात सगळ्यांची आडनावं एकाच अक्षराने सुरू होतात, स्पॅनिश अमदानीत कुणा साहेबाने गावागावाला एकेक अक्षर वाटून टाकलं तेव्हापासून. आमचं ग. तू पोस्टरवरून आडनावच पुसलंस. नुसती जिगी. तेवढा एक ग तुला आयता मिळाला.

तुझी भाषणं मी ऐकली. पहिली दोन चौकात उभं राहून, बाकीची घरात बसून, कारण तुझे कर्णे थेट माझ्या न्हाणीघरापर्यंत पोचतात. अनवाणी शाळेत जाणारी पोर. डोक्यावर सुक्या मासळीची टोपली. वर्गातली मुलं नाक दाबायची ते. शिक्षिकेने शेवटच्या बाकावर बसवलं ते. इंदाय, ती शिक्षिका अजून जिवंत आहे, आणि तिने मला बसवलं होतं, तुला नाही. मेकअपच्या खोलीत, दिवे लागायची वाट बघताना, मी तुला हे सांगायचे. वेळ जात नसे म्हणून. तू नखं रंगवत ऐकायचीस. मला वाटायचं तुझं लक्ष नाही.

वादळाची गोष्टही तू सांगितलीस. तिच्याबद्दल आत्ता नको.

आधी नानयच्या मयताबद्दल.

तू आलीस, आणि तुझ्या आधी तुझं फुलांचं चक्र आलं. त्यावरचं तुझं नाव नानयच्या नावाहून मोठं होतं. तुझा मांडव आला, तुझ्या रंगाच्या खुर्च्या आल्या, तुझा चेहरा छापलेली बिस्किटं आली. आमच्याकडे मयताच्या घरी भांडत नाहीत. तू काळी जाळी डोक्यावरून घेऊन घरच्यांच्या बाकावर, माझ्या शेजारी बसलीस. शवपेटीच्या काचेवर अश्रू पडू द्यायचे नसतात एवढं कुणीतरी तुला शिकवलं होतं. तू हनुवटीखाली रुमाल धरून रडलीस. बायका म्हणाल्या, बघा, रीत किती पाळते.

आणि मग लोक उठायला लागले तशी तू उठलीस. फाटकाशी जाऊन उभी राहिलीस. जाणाऱ्या प्रत्येकाचा हात दोन्ही हातांत घेऊन म्हणालीस, आलात, फार बरं वाटलं, तुमचे किती आभार मानू. म्हाताऱ्यांना धरून रस्त्यापर्यंत पोचवलंस. एकीला रिक्षात बसवलंस आणि हात हलवलास.

मला वाटतं तुला अजूनही कुणी सांगितलेलं नाही. दिंदो मनिलाचा शहाणा, त्याला हे कुठून कळणार. मयताच्या घरचा माणूस आभार मानत नाही, जिगी. कुणालाही दारापर्यंत पोचवायला जात नाही. मानले तर आणखी एक मरण मागवल्यासारखं होतं. इथलं शेंबडं पोरसुद्धा जिभेवर आलेले आभार गिळतं. पाहुणे आपापले उठतात, आपापले जातात, आणि घरचे मान खाली घालून बसून राहतात. मी बसले होते. तू फाटकात निवडणूक लढवत होतीस.

रात्र जागवायला मांडवात पत्ते चालले होते ते थांबले. नानयची आयुष्यभराची मैत्रीण, बाजारात तिच्या शेजारच्या फळीवर बसणारी पेन्सियांग, हिने हातातले पत्ते उलटे ठेवले आणि कुणाकडेही न बघता म्हणाली, "हिचं कुणी मेलेलं नाही."

बस्स. एवढंच. त्यानंतर पुन्हा पत्ते सुरू झाले.

तुझी मतं तिथे गेली. दिंदोला वाटतं ती तुझ्यासमोर उभ्या असलेल्या गेप्ते मेयरने वाटलेल्या तांदळामुळे गेली. त्याला वाटू दे. इतके महिने गाव तुला नानयची मानसलेक समजत होतं. कोण कुठे जन्मलं ह्याने इथे फारसं अडत नाही, अर्धं गाव दुसऱ्यांनी वाढवलेल्या पोरांचं आहे. पण फाटकात उभी राहिलीस आणि सगळ्यांना एकदम कळलं की ही घरची नाही. आता तुला मिठी मारायला मी हवी, म्हणजे घरच्याचा शिक्का बसेल. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

ह्यावर मी मनसोक्त हसले असते. दारं लावून, पाय पसरून हसले असते. पण हसता येत नाही, आणि आता ती वादळाची गोष्ट टाळून चालणार नाही.

तुला ती कुठे मिळाली ते आठवतं का? पुराचं दृश्य होतं. मोठ्या टाकीत पाणी सोडलं होतं, वरून यंत्राचा पाऊस, आणि मी आत उतरायला नकार दिला. दिग्दर्शकाने सगळ्यांसमोर माझी लाज काढली. तू मला बाजूला नेऊन टॉवेल दिलास, आणि मी सांगून बसले की लहानपणी वादळात माझा भाऊ गेला. नोनोय. पाच वर्षांचा. पुरात हात सुटला. कुणाच्या हातातून ते मी बोलले नाही, आणि तूही विचारलं नाहीस.

फेब्रुवारीतल्या सभेला तू नानयला खुर्चीसकट उचलून व्यासपीठावर नेलंस. तिला धड दिसत नव्हतं, डोळ्यांत पांढरं आलं होतं. मी खाली गर्दीत, डोक्याला रुमाल बांधून. तू तिचा हात धरलास आणि चौकाला सांगितलंस की तुझा धाकटा भाऊ पुरात गेला. आई ओरडत होती, धर त्याला, धर, आणि तुझ्या हातून त्याचा हात सुटला. तू सोडलास. "आजवर मी हे कुणाला सांगितलं नाही," तू म्हणालीस. सगळा चौक हुंदके देत होता. मी वर चढून तुझ्या झिंज्या उपटायच्या ठरवून पुढे निघाले होते. पायरीपर्यंत आले आणि मला नानयचं तोंड दिसलं.

घरी आल्यावर ती दोन ताटं भात जेवली. किती वर्षांत तिने असं खाल्लं नव्हतं. हात धुताना मला म्हणाली, "ऐकलंस ना? तिने सोडला. स्वतःच्या तोंडाने सांगितलं."

मी म्हणाले, "हो नानय. ऐकलं."

आता तुला काय सांगू. लिहितेच, एकदाच. सकाळची वेळ होती, आभाळ राखाडी. आमचं घर गेलं आणि नदी अंगणात होती. नानयच्या एका हातात मी, दुसऱ्या हातात नोनोय. नारळाचं झाड जवळ आलं. झाड पकडायला हात हवा होता. तिने एक हात मोकळा केला. मी नऊ वर्षांची होते आणि माझी नजर तिच्यावरच होती, आणि मी बघते आहे हे तिला दिसत होतं.

आम्ही कधी बोललो नाही. मला वाटायचं, न बोलणं हीच माया. मनिलाहून पैसे पाठवले, पत्र्याचं छप्पर घातलं, टीव्ही घेऊन दिला. ती माझ्याशी बोलायची, पण तोंडाकडे बघायची नाही. मी समोर बसले की तिला वाटायचं आता ही विचारणार. गाव तर मागून कुजबुजतच होतं, की पोरगी वाचली ती कशी, आणि पोरगा गेला तो कसा. मी गप्प राहून तिला वाचवत होते आणि तिला ती शिक्षा वाटत होती. आणि तू, जिला आमच्या नदीचं नावसुद्धा नीट उच्चारता येत नाही, तू दोन मतांसाठी खोटं बोललीस आणि तिची सुटका केलीस. ह्याबद्दल मी तुझा जितका तिरस्कार करते तितका थपडेबद्दलही करत नाही.

शेवटच्या दिवशी तिने तुला बोलावलं. मला नाही. मी निरोप धाडला, पण तू कुठल्याशा वस्तीत सौंदर्यस्पर्धेचा निकाल द्यायला गेली होतीस. ती पुन्हा पुन्हा विचारत होती, ती पोर आली का. मग मी तिचा हात धरला आणि तुझ्या आवाजात बोलले. तुझा तो नाकातून येणारा, शब्द ओढणारा आवाज. नऊ वर्षं समोर उभं राहून ऐकलाय, मला येतो. म्हटलं, आलेय नानय, मीच सोडला त्याचा हात, तू नाहीस. ती म्हणाली, बरं. मग म्हणाली, पेर्लाला सांग. त्यानंतर काही बोलली नाही.

आता मुद्द्यावर येते. काल दिंदो गेल्यावर मी बाजारात गेले. पेन्सियांग मासे मोजता मोजता तिच्या सुनेला सांगत होती, की ती नटी जर घरची नाही, तर ती वादळात कुठे होती? नव्हतीच. मग पोराचा हात कुणी सोडला? मी दिसले तशी तिने मला दोन मासे जास्त घातले. इंदाय, तुझं खोटं उघडं पडलं ह्याचं मला काही नाही. पण ते पडलं की दोष जाऊन बसणार नानयच्या कबरीवर, आणि तिथून तो उठवायला कुणी उरलेलं नाही.

म्हणून ऐक. शनिवारी मी येईन.

गुडघे टेकणार नाही, ते दुखतात. तू हात उगारायचा नाहीस, मिठी मारायची नाहीस, आणि मी बोलत असताना ते रडकं संगीत वाजवलं तर मी तारा उपटीन. ध्वनिक्षेपक माझ्या हातात द्यायचा आणि तू मागे जाऊन बसायचंस. मी चौकाला सांगेन की ती गोष्ट माझ्या घरची आहे. भावाचा हात मी सोडला. आई ओरडत होती, आणि मी घाबरून सोडला. कबूल करायची हिंमत नव्हती, म्हणून जिगीला सांगितलं, आणि त्या भल्या पोरीने माझं पाप स्वतःच्या अंगावर घेतलं. त्यात तू थोर ठरशील. ठर. तुला ते लखलाभ.

लोक विश्वास ठेवतील. दोन्या मातील्देने सख्ख्या भावाला सोडून दिलं हे ह्या बेटावर कुणालाही लगेच पटेल, पेन्सियांगलासुद्धा. नऊ वर्षं मासळीचं पाणी अंगावर घेऊन मी हे नाव कमावलंय. कुणाच्या तरी कामी येऊ दे.

त्यानंतर ती गोष्ट तू कुठे म्हणजे कुठे सांगायची नाहीस. मेयर झालीस तरी नाही, पडून पुन्हा टीव्हीवर गेलीस तरी नाही. मत मी म्हाताऱ्या गेप्तेलाच देणार आहे. तो चोर आहे, पण आमच्या अक्षरातला चोर आहे, आणि तो चोरतो ते तांदूळ.

एकदा तुझ्या आवाजात म्हणून झालं. शनिवारी माझ्या आवाजात म्हणेन. ती माझी आई होती, जिगी. तिच्यासाठी खोटं बोलायचा हक्क माझा आहे.

नोनोयचा हात सोडणारी,
त्याची बहीण
पेर्ला गारिंगालाव